डावीकडे

म्हापशाच्या बाजारात, चोरिसांच्या माळांपलीकडे
माझं दुकान: एक चिमटा, एक भिंग,
आणि लोकांनी ठेवून गेलेला वेळ.

बुद्धिबळाची घड्याळं तेव्हा माझ्याशिवाय
इथे कुणी उघडत नसे.
एका पेटीत दोन तोंडं.
एक चाललं की दुसऱ्याने श्वास धरायचा.
काटा बाराकडे येतो, लाल झेंडी उचलतो,
आणि झेंडी पडते.
लोक म्हणतात, आवाज होतो.
होत नाही.

कामुर्लीचा सावियो नोरोन्या आठ वर्षांचा असताना
माझ्या बाकड्यावर बसून पाय हलवायचा.
बाप तारवटी, वर्षाचे नऊ महिने समुद्रात.
घोडा कसा चालतो ते मी त्याला शिकवलं.
उरलेलं त्याने मला.

आता वर्तमानपत्र त्याची कारकीर्द एका चौकटीत छापतं:
सोळाव्या वर्षी पहिला नॉर्म,
एकोणिसाव्या वर्षी ग्रँडमास्टर,
सर्बियातल्या कुठल्याशा गावी, उणे अकरा अंशांत,
ऑलिंपियाडला तिसऱ्या पटावर नऊ डावांत साडेसात गुण,
मानांकन, सर्वोच्च, सव्वीसशे अकरा.
ती कात्रणं मी काचेखाली लावलीत.
गिऱ्हाईक पट्टा निवडता निवडता वाचतं.

चौकटीत एक डाव नाही.
मडगाव, शाळेचं सभागृह, मे महिना,
निवड स्पर्धेची शेवटची फेरी.
जिंकेल तो राष्ट्रीय स्पर्धेला, हरेल तो घरी.
सावियो तेरा वर्षांचा.
समोर गुरुदास वळवईकर, फोंड्याचा, सतराचा,
सावियोहून सरस.
हे लिहायला मला सत्तावीस वर्षं लागली.

आदल्या रात्री मी सगळी घड्याळं तपासली होती.
बारा नंबरचं एक तोंड
तासाला दोन मिनिटं पुढे पळत होतं.
केसाएवढी स्प्रिंग. रात्री ती मिळणार कुठे?
सकाळी पंचांना सांगू, म्हणून झोपलो.

काळी मोहरी ज्याची
त्याने घड्याळाची बाजू निवडायची, असा रिवाज.
काळी सावियोची. पटावर घड्याळ बारा नंबरचं.
त्याने मान वळवून विचारलं,
पोर मास्तरला विचारतं तसंच,
‘उजवीकडे ठेवू की डावीकडे?’
त्याला काही माहीत नव्हतं.
मला माहीत होतं.

मी म्हटलं, ‘डावीकडे.’

चौथ्या तासाला गुरुदासचं प्यादं सातव्या घरात होतं.
अजून एक घर, की वजीर.
बोटं प्याद्यावर मिटलेली,
झेंडी पडलेली.
त्याने पंचांकडे पाहिलं नाही,
घड्याळाकडेही नाही.
आपल्या हाताकडे पाहत राहिला,
जणू उशीर हातानेच केला.

नंतर तो खेळला नाही.
बापाच्या काजूच्या धंद्यात बसला, बरं चाललंय.
ती स्प्रिंग मी पुढल्याच आठवड्यात बदलली.
मग सेलवरची घड्याळं आली, आकडे दाखवणारी,
आणि बारा नंबर माझ्या फळीवर आला.
हल्ली अगदी बिनचूक चालतं.

सावियो परवा येऊन गेला. केस पांढरे.
पोरांना शिकवतो, स्पर्धा कमी केल्यात.
म्हणाला, ‘शेवटी सगळे डाव सारखेच आठवतात, मास्तर,
पहिला मोठा सोडून. तो जिंकलो नसतो, तर?’
मी त्याला चहा सांगितला.

आणि शुक्रवारी, बाजाराच्या दिवशी, गुरुदास येतो.
काउंटरवर कोपर टेकून विचारतो,
‘आमचो सावियो खंय पावलो?’
‘पंचवीसशे चौसष्ट.’
‘देंवलो रे,’ म्हणतो, आपलंच काही उतरल्यासारखा.
शेजारच्या गिऱ्हाइकाला अभिमानाने सांगतो,
या ग्रँडमास्टरशी मी हरलो होतो, तेही वेळेवर,
पटावर नव्हे हां.
मग मनगटावरचं घड्याळ सोडून पुढे सरकवतो:
‘बघ जरा, पुढे पळतंय वाटतं.’

मी भिंग डोळ्याला लावतो.
भिंगातून समोरच्याचा चेहरा दिसत नाही.