चौथी तार

माझी गाणी अकरा. शब्द सगळ्यांना होते.
ही चाल तेवढी बिनशब्दांची,
टिळकवाडीत, तिसऱ्या गेटाजवळच्या खोलीत
यल्लोजी बास घेऊन येईपर्यंत
ॲम्प तापतोय का बघायला वाजवलेली.
चौथी तार मध्येच तुटली,
एक सूर गळाला. कॅसेटवर तसाच राहिला.

आता कॅम्पात, बेकरीमागं,
बेंटोचा जॅझ बँड तीच रेकॉर्ड करतोय.
भिंतींना रजया. पाव भाजल्याचा वास.
माझी धावती चाल त्यांनी
जेवून शतपावलीला निघालेल्या माणसासारखी केली.
सॅक्सोफोन तर घरचाच असल्यागत
कुठंही टेकतो, कधीही उठतो.

पण त्या गळालेल्या सुराशी
सगळे थांबतात. मोजून. दर वेळी.
बसलिंगचा ब्रश ड्रमवर अधांतरी.

"कसं सुचलं बे तुला ते?" बेंटो म्हणतो,
"आम्ही हात लावत नाही बघ तिथं."

खरं सांगायला तोंड उघडलं
तोवर पुढचा टेक सुरू.
मी दाराशी, चपला हातात,
श्वास धरून
तार तुटायची वाट बघत.