नांव

सत्त्याऐंशीच्या जानेवारीत
मेणवलीचा घाट बघायला आलेल्या जीपमधून
ती वाईत उतरली आणि एकटीच मागे राहिली.
एर्मिंदा सेर्रांव. लिस्बनची. सिनेमे लिहायची.
गंगापुरीत माझा टायपिंगचा वर्ग,
सात ते नऊ पोरंपोरी ए-एस-डी-एफ बडवायची,
नऊनंतर कोपऱ्यातली रेमिंग्टन तिची,
तासाला दोन रुपये, कागद तिचा.

पावतीबुक पुढे ओढून मी विचारलं, नाव?
तिनं गोंधळून उलट विचारलं, नांव?
मी ऐकलं तसं लिहून टाकलं.
दोन दिवसांनी कळलं,
तिच्याकडं ‘नाही’ असंच म्हणतात,
नाकातून, जरा लांबवून.
जुन्या पुस्तकांत आपण लिहायचो तस्सं, डोक्यावर टिंब देऊन.
फक्त त्यांचं टिंब गोल नसतं,
बारकी लाट असते, अक्षरावर आडवी पडलेली,
आणि लाटेची कळ माझ्या मशीनवर नव्हती.
म्हणजे तिचं आडनावच उमटेना.
मग पान ओढून काढून ती
शाईच्या पेनानं एकेक लाट देत बसायची,
भोगीच्या भाकरीवर तीळ लावावेत तशी.

मोडक्या इंग्रजीत आमचं भागायचं.
तरुणपणी म्हणे तिकडं कचेरीत
एक माणूस निळी पेन्सिल घेऊन बसलेला असे.
लिहिलेलं आधी त्याच्या टेबलावर.
पोरगा लढाईवर निघालाय, आई म्हणते, जाऊ नकोस.
एवढंच वाक्य त्यानं खोडलं.
तिनं पुन्हा लिहिलं:
आई कांदा चिरते. थांबते. पुन्हा चिरते.
पेन्सिलीला त्यात काही सापडलं नाही.
तेव्हापासून मी कांदेच लिहिते, म्हणाली,
आणि आमच्या घरून आलेला डबा उघडला.

पटकथेचं शेवटी होतं काय, मी एकदा विचारलं.
खिडकीतून तिनं समोरच्या शिंगट्यांच्या स्लॅबकडं बोट केलं.
सेंटरिंगच्या फळ्या उतरवत होते.
दोन फळ्या गवंड्याची बायको चुलीला घेऊन गेली.

बावीस दिवस. मग जीप आली.
ड्रायव्हर म्हणाला, पैसेवाल्यानं कळवलंय, नाही.
हसली. तिच्या भाषेत तो शब्द एकदा म्हणाली,
मला वाटलं, माझ्यासाठी.

वर्ग बंद झाला. मशीन चिंधवलीच्या एका शाळेनं नेलं.
तिचे कार्बन मी टाकले नाहीत.
उजेडापुढं धरले की ओळीवर ओळ,
सात-आठ पानं एकमेकांत घुसलेली, वाचता काही येत नाही.
लाटा नाहीत, एवढं मात्र दिसतं.
त्या तिनं मागाहून दिल्या होत्या,
वरच्या प्रतीवर, हातानं.
त्या तिच्याबरोबर गेल्या.

पावतीची स्थळप्रत आहे.
नाव या छापील शब्दापुढं माझ्याच अक्षरात, नांव.
रुपये अठ्ठ्याऐंशी फक्त.