पाठभेद

अजब बंगल्याच्या मागच्या खोलीत
ठशांची चौदा बाडं आहेत. मी त्यांची नोंद करते,
रोजंदारीवर, सप्टेंबरपासून.
आता मे आहे. कूलरची टाकी साडेअकरालाच आटते
आणि वाळ्याच्या वासात जुन्या शाईची काजळी उतरते.

ताम्रपट नऊ. पत्रे तीन, कडी एक, मुद्रा गहाळ.
अक्षरांच्या माथ्यावर इवल्या इवल्या पेट्या,
जणू एकेक अक्षर डोक्यावर ट्रंक घेऊन
कुठल्याशा गावाला निघालंय.
भांडण त्या गावावरूनच.

दुसऱ्या पत्र्यावर, पाचव्या ओळीत 'ग्राम' आहे
आणि एक टिंब.
बक्षीसर म्हणाले, ते अक्षराच्या वर आहे. अनुस्वार.
म्हणजे गाव कर्म. राजाने गाव दिलं.
टेंभेकरसर म्हणाले, शेजारी आहे. विसर्गाचं वरचं टिंब,
खालचं गंजाने खाल्लं.
म्हणजे गाव कर्ता. गावाने दिलं.
काय दिलं, कुणाला,
ते तुटक्या कोपऱ्याबरोबर गेलं.

एकोणीस वर्षं.
धरमपेठेतून लेख, की पुढच्या अंकात महालातून उत्तर.
एकमेकांना 'विद्वान मित्र' लिहायचे
आणि सीताबर्डीवर समोरासमोर आले
तर एक जण मुकाट पुस्तकांच्या दुकानात शिरायचा.
तळटीपा चढत चढत गेल्या
आणि वर मजकूर उरला, पुरातल्या ओट्याएवढा.
टेंभेकर आधी गेले. बक्षींनी मृत्युलेख लिहिला, मनापासून,
आणि त्यातही टिंब वरच ठेवलं.

रामटेकला एम.ए.ला आम्हाला हा प्रश्न होता. टीप लिहा, आठ गुण.
मी विसर्ग धरला. सहा मिळाले.

पत्रा स्वतः पाहिलेला आता कुणी नाही.
कन्हानपलीकडच्या मालकाने तो एका दिवसापुरता आणला,
नेला, आणि पुढे म्हणे इतवारीत मोडीत घातला.
कुणाच्या तरी घरी त्याचा गुंड झाला असेल,
पाणी गार ठेवत असेल.
उरला हा एक ठसा.
दोघांनी भिंग लावलं ते याच कागदाला.

ठसा डोमाजी धकात्यांचा.
इथले शिपाई. घर गोळीबार चौकाकडे, घरात माग.
उन्हाळ्यात ठसे काढायला ते पहाटे चारला येत,
कारण ऊन वर आलं की नागपुरात
ओला कागद अक्षरात बसायच्या आधीच वाळतो.
ब्राह्मीतलं एक अक्षर त्यांना येत नव्हतं.
कुंचा मारताना मात्र आवाजावरून सांगत,
इथे छिन्नी अडली होती,
इथे कारागीर दम खायला थांबला.

आज बाड माझ्या हातून पालथं पडलं.
ठशाच्या पाठीवर पेन्सिल, अक्षर मोठं, शाळकरी:

"ठिपका ताम्रपटाचा नाही. माया हाय.
मालक पत्रा घेऊन बारा वाजता आला.
कपाळाचा घाम पडला, तेवढी शाई लागली नाही.
दुसरा ठसा काढतो म्हटलं त तो पत्रा घेऊन उठला.
दोन्ही सायबायकडे सांगाले गेलो.
दोन्ही खेपेले मोठं बोलनं चालू होतं."

खाली सही. मग सही खोडून पुन्हा सही.

मी ठसा सुलटा केला. टिंब आहे तिथेच आहे,
पांढरं, ज्वारीच्या दाण्याहून लहान,
धड वर नाही, धड शेजारी नाही.
तो बाजूला काढला तर 'ग्राम' नुसतं उरतं, विभक्तीवाचून.
न दिलेलं, न देणारं. एक गाव.

नोंदवहीत 'पाठ' असा रकाना आहे.
एक, ग्रामं: बक्षी. दोन, ग्रामः: टेंभेकर.
तिसरी ओळ छापील नाही, ती मी पट्टीने आखली.
मोठ्या बाई विचारतील, आधार काय? पृष्ठ कितवं?
पृष्ठ मागचं, सांगेन.
कूलर केव्हाचा बंद पडलाय.
पदराने कपाळ टिपते,
खुर्ची वहीपासून हातभर मागे घेते
आणि हात लांब करून लिहिते: तीन.