दीड मूठ वर

कित्तूरच्या किल्ल्यात एका भिंतीला
आरपार नळी आहे, मनगटाएवढी.
तिच्यातून ध्रुव दिसतो म्हणतात.
दिवसा डोळा लावला तर नुसतं निळं दिसतं,
आणि साडेपाचला किल्ला बंद होतो.

तीन वर्षं मी मुलांना दिवसाच नेलं,
हलशीहून, बिडीवरून, लाल बसने,
आणि सांगत राहिले : इथे बघा, इथे ध्रुव असतो.
मुलं निमूट बघत,
मग डबे उघडत.

चौथ्या फाल्गुनात रखवालदार बसलिंगप्पा म्हणाला,
“टीचर, नक्षत्र हगलल्ली काणल्ल.”
दिवसा तारा दिसत नाही, हे मलाही ठाऊक होतं.
पण त्या दिवशी किल्ली त्याने कमरेलाच राहू दिली
आणि आम्ही थांबलो.

अंधाराला वेळ होता, म्हणून मी आकाश सांगायला घेतलं,
माणसांनी मांडलं त्या क्रमाने.
आधी पृथ्वी, मधोमध, चुलीसारखी, जागची न हलणारी.
भोवती कांद्याचे पापुद्रे : चंद्राचा, सूर्याचा, ग्रहांचा,
आणि सगळ्यांत बाहेर ताऱ्यांचा, खिळे ठोकलेला.
ग्रह मधेच उलटे चालू लागले
की वर्तुळावर वर्तुळ, त्यावर आणखी एक,
विरलेल्या लुगड्याला दंड घालावा तसं.
मग कुणी म्हणालं, सूर्य मधे ठेवून पाहू.
हिशेब बसला. माणसं बसेनात.

पुढे कुणी जुनी वही नव्या वहीशी ताडली,
तर खिळेसुद्धा सरकलेले.
स्वाती अठराशे वर्षांत दोन चंद्रांएवढी बाजूला!
मग सूर्यालाही उठावं लागलं मधल्या पाटावरून,
गेला आकाशगंगेच्या कडेला,
जिल्ह्याच्या नकाशात आमचा तालुका असतो तसा.
आणि आकाशगंगाही एक नव्हे, अगणित,
बहुतेक एकमेकींपासून लांब जाणाऱ्या.
“मग मधे काय हाय?” भागाण्णा.
मधे असं काही नाहीच, मी म्हटलं.
त्याला पटलं नाही.
मलाही शिकताना पटलं नव्हतं.

तोवर ईशान्येला सप्तर्षी वर आले.
म्हातारीची बाज, पोरं ओरडली, आणि मागे तीन चोर!
“मूरु कळ्ळरु,” बसलिंगप्पा हसला.
त्याच्या आजीनेही हेच तीन चोर दाखवले होते,
हीच बाज,
जी अजून कुणाच्या घरी पोचलेली नाही.

हात लांब करून मी मोजलं :
क्षितिजापासून दीड मूठ वर.
एवढाच असतो आमच्याकडे ध्रुव, बुटका,
समोरच्या चिंचेनेही झाकला असता.
एकेकाने नळीला डोळा लावला.
कुणी काही बोललं नाही,
डबेही उघडले नाहीत.

मोनेश सुतार दोनदा रांगेत आला.
सुताराचा पोरगा, रेषेत डोळा धरणारा.
“बाई, ध्रुव हलत नाही म्हणता,
खरं तो पण फिरूलाय की.”

डोकं हललं असेल तुझं,
हे माझ्या ओठांवर आलं होतं.
किती शतकं हेच म्हटलं गेलं असेल
पहिल्यांदा नीट बघणाऱ्याला.
आणि डोकं हललंही असेल त्याचं.
तासाभरात इतकं थोडं सरकणं डोळ्याला कळत नाही,
पण ध्रुव फिरतो, हे खरं.
दोनशे वर्षांपूर्वी त्याचा फेरा
आजच्या जवळजवळ तिप्पट होता.
अजून तो मधोमध पोचायचाच आहे.
या पोरांच्या म्हातारपणी सगळ्यांत जवळ येईल,
आणि थांबणार नाही, निघून जाईल.
नळी तिथेच राहील, भिंत राहिली तर.

शेवटची बस गेली होती.
टेम्पोत पोरं एकमेकांवर कलंडून झोपली,
बिडीपर्यंत झाडं मागे पळत होती.

सहलीचा अहवाल कन्नडमध्ये भरायचा असतो.
उद्देश : ध्रुव नक्षत्र.
तेवढं दोन्हीकडे एकच.
शेऱ्याच्या रकान्यात मी मोनेशचं वाक्य लिहिलं,
मराठीतच,
आणि हेडमास्तरांनी न वाचता सही केली.