दोन बोटांची शिट्टी

जरगबाईंकडे शिट्टी नव्हती.
दुकानात होती, साडेतीन रुपयांची,
पण अठ्ठ्याहत्तर साली तेवढ्यात
चेंडूची तीन पंक्चरं निघायची.
म्हणून जिभेखाली दोन बोटं घालून
त्या अशी मारायच्या
की रंकाळ्यावरचे बगळे उठायचे
आणि कुठल्यातरी माडीवर
खिडकी आपटायची.

बाईमाणसानं शिट्टी मारू नये, म्हणे.
लक्ष्मी जाते घरातून.
"जाऊ दे," बाई म्हणायच्या,
"जाताना मैदानावरनं जा म्हणावं.
आपल्याला एक राइट बॅक कमी आहे."

आमच्या गावात फुटबॉल म्हणजे पेठ,
पेठ म्हणजे तालीम,
आणि तालमीच्या उंबऱ्याआत
तेल, तांबडी माती, मारुती आणि पुरुष.
आमचं सामान पिठाच्या गिरणीत असायचं,
पट्ट्याच्या मागं, पोत्यांवर.
पहाटे पाचला पहिला हेडर मारला
की कपाळावर पीठ उडायचं,
पंधरा वर्षांच्या पोरी
क्षणभर पिकलेल्या केसांनी धावायच्या.

बूट येसबानं केले. चप्पल ओळीत
त्याचं शेवटचं दुकान.
कॅनव्हासला खाली टायरचे गोल ठोकून
तो म्हणाला, पैसे नकोत,
माझ्या धाकटीला घ्या.
धाकटी गोलकीपर झाली.
तिच्या हातांना कातड्याचा वास यायचा
आणि चेंडू सुटायचा नाही.

घरोघर जायच्या बाई.
वाद घालायच्या नाहीत. चहा मागायच्या,
बशीत ओतून सावकाश प्यायच्या,
आणि उठता उठता म्हणायच्या,
"धावणारी पोरगी पळून जात नाही, काकी.
तिला माहीत असतं, रेघ कुठं आहे."
माझ्या आईला हे पटलं नव्हतं.
पण दुसऱ्या दिवशी तिनं
माझ्या फ्रॉकच्या खाली शिवायला
भावाची जुनी पँट काढून दिली.

मंगळवार पेठेची मी, शिवाजी पेठेची नलू.
आमचे भाऊ त्याच रविवारी
एकमेकांवर दगड टाकत होते.
नलूनं मला पास दिला.
तो मी चुकवला, ते जाऊ दे.

पहिला सामना मिरजेत. शून्य – नऊ.
परतीच्या एसटीत कुणी बोलेना.
हातकणंगल्याच्या पुढं बाईंनी
एकेकीला विचारलं,
"तुझ्या पायाला चेंडू किती वेळा लागला?"
दुधाच्या हिशेबाच्या वहीत मांडून
बेरीज केली. एक्केचाळीस.
"पुढच्या खेपेला बेचाळीस," म्हणाल्या
आणि खिडकीला डोकं टेकून झोपल्या.
ती वही अजून आहे. तिच्यात
कुणाची पाळी कधी, कुणाचं लग्न ठरतंय,
कुणाच्या घरी रात्री जेवण नसतं,
सगळं पेन्सिलीनं, खोडता येईल असं.

लोक विचारतात, काय झालं पुढं त्या पोरींचं?
दोघी पोलिसात. एक कंडक्टर, गगनबावडा गाडीवर.
येसबाची धाकटी पंच झाली,
तिनं एका आमदाराच्या पुतण्याला
लाल कार्ड दाखवलं.
नलू सासरहून दोनदा परत आली,
दुसऱ्यांदा कायमची.
बाकीच्या कुठं कुठं आहेत.
रेशनच्या रांगेत कुणी मध्ये घुसलं
तर खांदा कसा लावायचा
हे त्यांना येतं.

गेल्या वर्षी बाईंचे वरचे दात काढले.
कवळीनं शिट्टी होत नाही.
स्टेडियमच्या पायरीवर आम्ही बसलो होतो,
मुलींचा सामना, आणि चक्क तिकीट काढून.
पोरींनी बचाव मोकळा सोडला
तशी बाईंची दोन बोटं सवयीनं तोंडाकडं गेली.
नुसता वारा निघाला.
त्यांनी हात पदराला पुसला.

तेवढ्यात खाली, डाव्या कोपऱ्यातनं
कुणीतरी मारली. तीच, चिरत जाणारी.
बारा-तेराची असेल, गुडघ्याला पट्टी,
जरगबाई कोण हे तिला ठाऊक नसणार.
मी माझ्या शाळेत एकीला शिकवली होती,
तिनं कुणाला, त्या कुणीनं आणखी कुणाला.

मी बाईंकडं पाहिलं.
चष्मा वर करून त्या
त्या पोरीकडं बघत होत्या.
"शिट्टी बरोबर आहे," म्हणाल्या,
"पण उभी चुकीच्या जागी आहे."