खोलीचा आवाज

शर्टाच्या आतून वायर वर नेताना जोएल म्हणाला,
"थंड लागेल हं, सॉरी."
माझ्या अंगाला हात लावण्याआधी
कुणी सांगितल्याला किती वर्षं झाली.

माझगावची ही बहिणीची खोली.
फ्रिज बंद केला, पंखा बंद केला,
पोपटाचा पिंजरा खाली तांडेलांकडे ठेवून आलो.
तोंड दिसायला नको म्हणून
कुंदा मोरीत जाऊन उभी राहिली.
नाझनीन म्हणाली, जिथून आठवतं तिथून सांगा.

रे रोडचा पूल सांगितला. भंगाराच्या मागची जागा.
पहिली पुडी फेलिक्सने दिली, फुकट,
आणि फेलिक्स त्याच जागी
एका सकाळी उठला नाही, तेही.

"हाताने दाखवाल, कसं धरायचात?"
तिने चॉकलेटची चांदी पुढे केली.
नऊ वर्षं मिक्सरच्या कॉइल गुंडाळणारा हात,
पण त्याने क्षणभरही
थांबून आठवलं नाही.
मग मी तो मांडीखाली घेऊन बसलो.

घरातलं काय काय विकलंत?
म्हटलं, आईचं मंगळसूत्र.
नेमका खाली टेम्पो मागे येत होता,
त्याच्या हॉर्नचं भजन सगळ्या वाक्यावर सांडलं.
"पुन्हा एकदा घेऊ या?"
पुन्हा म्हटलं.
दुसऱ्या वेळी घसा बरोबर जागेवर भरून आला.
नाझनीनने डोळे पुसले.
मोरीत कुंदाने बादली सरकवली, उगाच, जोरात.
मंगळसूत्र तिच्याकडेच आहे,
तांदळाच्या डब्यात.

शेवटी जोएल म्हणाला, आता फक्त खोलीचा आवाज घेतो.
एक मिनिट कुणी बोलायचं नाही.
रिकाम्या खोलीलाही आवाज असतो, म्हणाला,
नंतर जोडकामाला लागतो.
कॅमेऱ्याचा लाल दिवा गेला.

ऐकत बसलो.
भिंतीतला पाइप.
गोदीकडून लोखंडावर लोखंड.
अण्णांची खुर्ची असायची त्या कोपऱ्यातून
काहीच नाही.

"कानाचं मशीन," मी म्हणालो.
"अण्णांचं.
गोदीत रिव्हेट ठोकून ठोकून कान गेलेले,
खात्यातल्या लोकांनी वर्गणी काढून दिलेलं.
उशीखालून घेतलं. अडीचशे आले.
त्यांना वाटलं, कुठे पडलं.
काठी घालून पलंगाखाली शोधायचे.
मीही शोधलं त्यांच्याबरोबर, गुडघ्यांवर बसून,
टॉर्च धरून.
मग अकरा महिने
काहीही बोललं की हसून मान हलवायचे.
पैसे द्या म्हटलं, मान हलवली.
एकदा मरा म्हटलं,
तेव्हाही, हसून."

जोएलने हेडफोन काढला नाही.
एक बोट वर धरलं: अजून थोडं.
आम्ही सगळे तसेच बसलो
आणि पाइपातून कुणाचं तरी पाणी वर गेलं.

पुढे फोनवर त्याने विचारलं, ते ठेवू का?
मी मान हलवली.
फोनवर मान दिसत नाही
हे ठेवल्यावर लक्षात आलं.

दादरला एका छोट्या हॉलात दाखवली.
मंगळसूत्राच्या वेळी पुढची बाई हुंदका देऊन रडली.
तिची माफी मागावी असं वाटलं,
पण अंधार होता.
मशीन कुठेच नव्हतं.
फक्त एका ठिकाणी, खिडकी, गजावर कावळा,
दोरीवर कुंदाचं पातळ,
आणि खाली ती खोली वाजत होती.
पाइप. लोखंड.
मग बोलण्याआधी माणूस घेतो
तेवढा एक श्वास.
पुढचं कापलेलं.

दिवे लागले, लोक उभे राहिले.
कुंदा कानाशी येऊन काहीतरी म्हणाली.
टाळ्यांत ऐकू आलं नाही.
मी हसून मान हलवली.