पान ४७

पेन बाहेर ठेवायचं, आत फक्त शिसपेन्सिल.
चेसिसच्या या गार वाचनकक्षात
सत्तावीस वर्षं मीच सांगते प्रत्येकाला.

आज पानांना क्रमांक घालत होते,
एकोणपन्नासच्या मार्चमधला गठ्ठा.
क्राउक्लिस कुटुंब, माणसं पाच,
मालगाडीत चढवली.
खाली जप्त मालाची यादी:
गाय, भाकड.
शिवणयंत्र, सुई नसलेलं.
भिंतीवरचं घड्याळ, एक.
घड्याळापुढे 'मिळालं', आणि सही.

ही सही माझ्या प्रगतिपुस्तकावर असायची,
शेवटच्या अक्षराची शेपटी अशीच वर वळलेली.
आजोबांनीही शिसपेन्सिलच वापरली होती.

खोडरबर हाताशी.
स्कायद्रीते खाली चहा टाकायला गेलेली.
कागद बिचारा,
लिहू देतो तसा खोडूही देतो.

घड्याळ माझ्या स्वयंपाकघरात आहे.
दर रविवारी किल्ली देते मी त्याला,
तरी रोज चार मिनिटं मागे पडतं.

वरच्या उजव्या कोपऱ्यात लिहिलं: ४७.
बारीक, हलक्या हातानं, जसं लिहायचं असतं.

स्कायद्रीते कप घेऊन आली. तिला म्हटलं,
गुरुवारी टोरांटोहून त्यांची नात येतेय,
गठ्ठा तू दे. मी नको टेबलापाशी.
का गं?
पान सत्तेचाळीस बघ.
तिनं बघितलं. चहा निवला.

संध्याकाळी पावतीचा एक कोरा फॉर्म काढला.
'वस्तू' भरून झालं.
'कुणाकडून' हा रकाना शाईनंच भरायचा असतो.
पेन बाहेर आहे,
माझ्या कोटाच्या खिशात.